नटवर्य विष्णुपंत पागनीस

संत तुकाराममहाराज दिसावयास कसे होते, हे आज कोणासही निश्चितपणे सांगता येणार नाही. तथापि त्यांचे नाव उच्चारताच अनेक मराठी घरांतील वडीलधाऱ्यांच्या डोळ्यांपुढे एक शांत, सात्त्विक मुद्रा उभी राहते. कित्येकांच्या देव्हाऱ्याशेजारच्या तसबिरीतही तीच मुद्रा असते. ती मुद्रा वस्तुतः एका नटाची आहे, हे मात्र थोड्यांनाच ठाऊक असते. त्या नटाचे चरित्र आम्ही आमच्या विद्यार्थिमित्रांस येथे थोडक्यात सांगणार आहोत.

विष्णुपंत पागनीस यांचा जन्म 1892 साली बेळगाव जिल्ह्यातील चिकोडी येथे झाला. गोड गळ्याची देणगी लाभल्यामुळे ते बालवयातच नाटक कंपनीत गेले. त्या काळी स्त्रियांच्या भूमिका पुरुषच करीत. स्वदेश हितचिंतक नाटक मंडळीत विष्णुपंत अशाच स्त्रीभूमिका करीत असत. चालणे, बोलणे, मान वळविणे, नजर खाली झुकविणे, या सर्वांत मार्दव आणण्याचा अभ्यास त्यांनी वर्षानुवर्षे केला. परंतु स्त्रीपार्टी नटाचे वैभव अल्पायुषी असते. वय वाढले, काळ पालटला आणि विष्णुपंत रंगभूमीपासून दूर झाले. मुंबईत संगीतशिक्षक म्हणून ते मुलांना गाणे शिकवू लागले. 'वंदे मातरम्' हे गीत त्यांनी सारंग रागात बांधून गाईले व त्याची ध्वनिमुद्रिकाही निघाली. एरवी त्यांचे नाव लोक विसरत चालले होते.

अशा स्थितीत पुण्याच्या प्रभात फिल्म कंपनीने 'संत तुकाराम' हा बोलपट काढावयाचे ठरविले. दिग्दर्शक विष्णुपंत दामले व शेख फत्तेलाल यांनी नायक म्हणून पागनिसांची निवड केली. ही निवड कंपनीतील सर्वांनाच रुचली नाही. स्त्रीभूमिकांमुळे अंगी मुरलेली नाजूक लकब संतपुरुषाच्या भूमिकेत कशी शोभणार, अशी शंका घेण्यात आली. दिग्दर्शक मात्र आपल्या मतावर ठाम राहिले. जे वैगुण्य म्हणून दाखविले जात होते, तेच त्यांना या भूमिकेचे भूषण वाटले.

12 डिसेंबर 1936 रोजी चित्रपट मुंबईच्या सेंट्रल सिनेमागृहात झळकला व तेथे सलग 57 आठवडे चालला. पागनिसांनी तुकोबा रंगविताना कोठेही आवेश आणला नाही. संसाराच्या काळजीने त्रासलेली आवली तोंडाचा पट्टा सोडते, तेव्हा हे तुकोबा केवळ मंद हसतात. सालोमालो छळ मांडतो, तरी त्यांच्या मुद्रेवर क्रोधाची छटा उमटत नाही. अभंगही पागनिसांनी स्वतःच्याच गळ्याने गाईले. केशवराव भोळे यांच्या साध्या चालींत त्यांचा भाव असा मिसळला की, कवी शांताराम आठवले यांनी चित्रपटासाठी नव्याने रचलेले एक पद तुकोबांचेच समजून जाणते लोक ते गाथेत शोधू लागले. 1937 साली व्हेनिस येथील आंतरराष्ट्रीय महोत्सवात या चित्रपटाचा गौरव झाला. मराठीचा एक शब्दही न जाणणाऱ्यांना ती मुद्रा कळली, ही गोष्ट लहान नव्हे.

मात्र या यशाचे मोलही विष्णुपंतांना द्यावे लागले. लोकांनी त्यांच्यात नट पाहणे जवळजवळ सोडूनच दिले. पुढे 'संत तुलसीदास' (1939), 'नरसी भगत' (1940), 'महात्मा विदुर' (1943) अशा संतांच्या व भक्तांच्याच भूमिका त्यांच्या वाट्यास आल्या. अन्य प्रकारच्या भूमिकांत त्यांचे कसब किती खुलले असते, हे पाहण्याची संधी रसिकांना लाभलीच नाही. ऑक्टोबर 1943 मध्ये, वयाची 51 वर्षे पुरी होण्यापूर्वीच, त्यांचे निधन झाले.

विद्यार्थिमित्रहो, विष्णुपंतांना खरी कीर्ती लाभली ती चव्वेचाळिसाव्या वर्षी. तीही जी विद्या कालबाह्य झाली म्हणून जगाने बाजूस सारली होती, तिच्याच बळावर. मनोभावे केलेला अभ्यास केव्हा फळास येईल, हे आपल्या हाती नसते. तो वाया जात नाही, एवढे मात्र हे चरित्र वाचून आम्हांस खात्रीने वाटते.