टेकडीवरचा सुलतान : फिरोजशाह तुघलक

अरवली पर्वत गुजरातेत पालनपूरच्या बाजूला सुरू होतो, राजस्थान तिरका कापत ईशान्येला सरकतो आणि सुमारे ७०० किलोमीटरांची वाटचाल करून दिल्लीत वजीराबादजवळ यमुनेच्या काठी संपतो. अबूच्या डोंगरावरचे गुरुशिखर १७२२ मीटर उंच आहे. दिल्लीत पोहोचेपर्यंत या पर्वताची नुसती खडकाळ धार उरते. तिलाच आपण 'रिज' म्हणतो. सह्याद्रीत वाढलेला मराठी छात्र तिला डोंगर म्हणणार नाही. पण सपाट मुलुखात थोडी उंचीही लाखमोलाची असते. हे समजून घ्यायचे तर फिरोजशाह तुघलकाचे चरित्र वाचावे.

फिरोजशाहाचा जन्म १३०९च्या सुमाराचा. वडील रजब हे सुलतान गियासुद्दीन तुघलकाचे भाऊ, तर आई पंजाबातल्या भट्टी राजपूत सरदाराची मुलगी. १३५१ मध्ये सिंधमधील ठठ्ठ्याच्या मोहिमेवर असताना मुहम्मद तुघलक वारला आणि फौज सैरभैर झाली. छावणी लुटली जाऊ लागली. अशा वेळी सरदारांनी फिरोजशाहाला आग्रहाने गादीवर बसवले. लढाईची हौस नसलेला हा माणूस लढाईच्या मैदानावरच सुलतान झाला आणि पुढे ३७ वर्षे राज्य करून गेला.

त्याला खरी ओढ दोन गोष्टींची : बांधकामाची आणि शिकारीची. रिजवर तेव्हा दाट रान होते. तिथे त्याने शिकारीसाठी महाल बांधले. पीर गायब, भुली भटियारी का महल, मालचा महल आणि तीन मूर्तीजवळचा कुश्क महल या वास्तू त्याच्याच काळातल्या मानल्या जातात. काही महालांजवळ पाणी अडवायला बंधारेही घातलेले होते. शिकारीसाठी हिंडताना त्याला जमीन कळू लागली. पाणी कुठे मुरते, कुठे टिकते, हे तो पाहत असे. हिसारच्या रानात शिकार भरपूर, पण पाण्याचा दुष्काळ. म्हणून त्याने यमुना आणि सतलजेचे पाणी कालव्यांनी तिथवर नेले. आजच्या पश्चिम यमुना कालव्याचे मूळ तिथे आहे.

सम्राट अशोकाचे दोन शिलास्तंभही त्याने दिल्लीत आणवले. टोपऱ्याचा स्तंभ कापसात आणि गवतात गुंडाळून ४२ चाकांच्या गाड्यावर चढवला आणि नावांवरून यमुनेने खाली आणला. तो फिरोजशाह कोटल्यात उभा आहे. मेरठचा स्तंभ त्याने रिजवरच्या शिकारमहालाजवळ उभारला. त्यावरचा लेख वाचणारे तेव्हा कोणी उरले नव्हते.

हा झाला शांततेतला फिरोजशाह. मोहिमेवरचा फिरोजशाह वेगळा दिसतो. १३६५च्या सुमारास तो मोठी फौज घेऊन ठठ्ठ्यावर गेला. तिथे घोड्यांत रोगराई पसरली, धान्य संपले, म्हणून त्याने गुजरातेकडे माघार घेतली. वाटाड्यांनी फौज कच्छच्या रणात नेऊन सोडली. खाली मीठ आणि पाणी खारे. माणसे आणि जनावरे तहानेने मेली. सहा महिने दिल्लीला सुलतानाची खबर नव्हती. वजीर खान-इ-जहान मक्बूल याने सुलतान खुशाल असल्याचे बनावट पत्र पुढे करून राजधानी शांत ठेवली. पुढे नव्या तयारीनिशी परतून त्याने ठठ्ठा शरण आणला, पण रणात गेलेली माणसे परत आली नाहीत. आपली टेकडी पाठ असलेला सुलतान परक्या मुलुखात सर्वस्वी दुसऱ्याच्या डोळ्यांनी चालला होता.

दयाळूपणाही त्याच्या फौजेला महागात पडला. सैनिक म्हातारा झाला की त्याच्या जागी मुलगा, जावई किंवा गुलाम चालेल, असे त्याने ठरवले. एका सैनिकाचा घोडा तपासणीत पास होईना, तेव्हा कारकुनाला लाच द्यायला खुद्द सुलतानानेच सोन्याचे नाणे दिल्याची हकिगत त्याच्या इतिहासकाराने लिहून ठेवली आहे. ही दया सगळ्यांच्या वाट्याला मात्र आली नाही : पूर्वी सूट असलेल्या ब्राह्मणांवरही त्याने जिझिया बसवला.

१३८८ मध्ये तो वारला. हौज खासच्या तळ्याकाठी त्याची कबर आहे. त्यानंतर दहा वर्षे गादीसाठी भांडणे चालली आणि १३९८ च्या डिसेंबरात तैमूर दिल्लीच्या दारात आला. यमुनेपलीकडे लोणीच्या बाजूला त्याचा तळ होता. तिथून मोजके स्वार घेऊन तो नदी उतरला आणि फिरोजशाहाने टेकडीवर बांधलेल्या जहाँनुमा महालापाशी गेला. रणांगण कुठे निवडावे, हे त्याला पाहायचे होते. १७ डिसेंबरला दिल्लीची फौज मोडली. ज्या उंचीवरून एकाने हरणे हेरली, तिथूनच दुसऱ्याने राजधानी हेरली.

पुढे या टेकडीवर एक मराठी नावही जडले. दौलतराव शिंदे यांच्या पत्नी बायजाबाई यांचे बंधू हिंदुराव घाटगे यांचा वाडा तिथे होता. १८५७ च्या उन्हाळ्यात इंग्रजांनी हाच वाडा आपले मुख्य ठाणे केले आणि रिज धरून ठेवूनच सप्टेंबरात शहर घेतले. आज तिथे हिंदुराव रुग्णालय आहे. त्याच्या आवारात पीर गायब आहे आणि जवळच तो मेरठचा स्तंभ.

छात्रमित्रांनो, पुढच्या सुट्टीत उत्तर रिजवर जरूर फिरा. तासाभराच्या पायपिटीत हे सगळे पाहून होते. चढताना नकाशा आणि होकायंत्र बरोबर ठेवा. नदी कोणत्या बाजूला, शहराची वेस कुठे, उतार कोणता सौम्य, हे स्वतःच्या डोळ्यांनी ताडून पाहा. डोंगरात मौजेने फिरताना लागलेली ही सवय परक्या मुलुखातही साथ देते. तिथे वाटाड्या असला, तरी वाट आपल्यालाही कळली पाहिजे.