नटश्रेष्ठ बालगंधर्व

नारायण श्रीपाद राजहंस ऊर्फ बालगंधर्व यांचा जन्म २६ जून १८८८ रोजीं झाला. स्त्रीभूमिकांत ते इतके तन्मय होत कीं, कुलीन स्त्रियाहि त्यांच्या वेषभूषेचें अनुकरण करीत. १२ मार्च १९११ रोजीं 'मानापमाना'चा पहिला प्रयोग होता. त्याच दिवशीं त्यांची कन्या निवर्तली. तथापि पित्याचा शोक आवरून ते भामिनी होऊन रंगभूमीवर उभे राहिले. १९३५ सालीं 'धर्मात्मा' बोलपटांत, आम्हां सेलूकरांस जवळचे अशा पैठणच्या एकनाथांची भूमिका त्यांनीं केली. पडद्यानें त्यांचें पुरुषरूप दाखविलें. लोकांच्या मनीं मात्र भामिनीच राहिली! १५ जुलै १९६७ रोजीं त्यांचें देहावसान झालें. अंगीकृत कार्यावरील निष्ठा हीच मनुष्याची खरी ओळख, हें आम्हीं त्यांच्या चरित्रांतून शिकावें.