द्राक्षवेलींचा वैद्य

टोळधाड आली तर ती दुरून दिसते. पूर आला तर त्याचा आवाज ऐकू येतो. परंतु पिकांवर बुरशीचा रोग येतो, तेव्हा शेतकऱ्याला त्याची चाहूलही लागत नाही. आज हिरवेगार असलेले पान उद्या डागाळते, परवा वाळते आणि चार दिवसांत गळून पडते. वर्षभराचे कष्ट डोळ्यांदेखत मातीला मिळतात. पानांच्या आत शिरणाऱ्या अशा रोगांवर सुमारे दीडशे वर्षांपूर्वीपर्यंत शेतकऱ्याच्या हाती कोणताही खात्रीचा उपाय नव्हता. तो उपाय ज्या थोर संशोधकाने जगाला मिळवून दिला, त्यांचे नाव प्येर मारी अलेक्सी मिलार्दे.

मिलार्दे यांचा जन्म १३ डिसेंबर १८३८ रोजी पूर्व फ्रान्समधील झ्युरा प्रांतातील एका लहानशा खेड्यात झाला. वनस्पतींचा अभ्यास हा त्यांच्या आवडीचा विषय होता. त्यासाठी ते जर्मनीतील हायडेलबर्ग व फ्रायबुर्ग येथील विद्यापीठांत गेले. फ्रायबुर्ग येथे त्यांना आंतोन द बारी यांच्यासारखे गुरू लाभले.

या गुरूंचे कार्य समजून घेतल्यावाचून शिष्याचे कार्य नीट समजणार नाही. १८४५ साली आयर्लंड देशात बटाट्याच्या पिकावर करपा पडला. गरिबांचे सारे जीवन बटाट्यावर अवलंबून होते. पीक पुन्हापुन्हा बुडाले आणि पुढील काही वर्षांत सुमारे १० लाख माणसे भुकेने व रोगांनी मरण पावली. करपलेल्या पानांवर पांढरी बुरशी दिसे. परंतु पान आधी कुजते आणि मग त्या कुजण्यातून बुरशी उत्पन्न होते, असे पुष्कळ विद्वानांनाही वाटत असे. द बारी यांनी १८६१ साली साधा पण निर्णायक प्रयोग केला. त्यांनी निरोगी बटाट्याच्या काही झाडांच्या पानांवर ती बुरशी पेरली आणि काही झाडे तशीच ठेवली. बुरशी पेरलेलीच पाने रोगी झाली. बुरशी हा रोगाचा परिणाम नसून तेच रोगाचे कारण आहे, हे त्यावरून सिद्ध झाले. एखादी गोष्ट खरी की खोटी हे तर्काने न ठरविता प्रयोगाने ठरवावे, हा धडा मिलार्दे यांनी आपल्या गुरूंकडून घेतला.

शिक्षण पुरे झाल्यावर १८६९ साली मिलार्दे स्ट्रासबर्ग येथे वनस्पतिशास्त्र शिकवू लागले. परंतु पुढच्याच वर्षी फ्रान्स व जर्मनी यांच्यात युद्ध पेटले आणि ते शहर जर्मनीकडे गेले. १८७२ साली मिलार्दे नान्सी येथे गेले आणि १८७६ साली ते बोर्डो येथे प्राध्यापक झाले. पुढे याच शहराच्या नावाशी त्यांचे नाव कायमचे जोडले गेले.

बोर्डो हे नैर्ऋत्य फ्रान्समधील शहर. त्याच्या भोवती कोसच्या कोस द्राक्षांचे मळे पसरलेले आहेत. तेथील हजारो कुटुंबांचा संसार त्या वेलींवर चालतो. परंतु मिलार्दे तेथे आले तेव्हा या मळ्यांवर एकामागून एक संकटे येत होती. प्रथम अमेरिकेतून भुरी नावाचा बुरशीजन्य रोग आला. त्यावर गंधकाची भुकटी धुरळण्याचा उपाय सापडला. मग अमेरिकेतूनच एक बारीक किडा आला. तो वेलींच्या मुळांतील रस शोषी आणि वेल सुकून जाई. अमेरिकन जातीच्या द्राक्षवेलींच्या मुळांना हा किडा मारू शकत नसे. तेव्हा अमेरिकन वेलीच्या खुंटावर फ्रेंच वेलीचे कलम बांधावे, असा मार्ग निघाला. मिलार्दे यांनी या कामात मोठा वाटा उचलला. त्यांनी व त्यांचे सहकारी द ग्रासे यांनी संकर करून तयार केलेला ४१ ब नावाचा खुंट आजही वापरात आहे.

परंतु दैवाचा खेळ असा, की एका संकटावरील उपायानेच दुसरे संकट घरात आणले. अमेरिकेतून जे वेल आले, त्यांच्याबरोबर पानांचा एक नवा रोगही आला. १८७८ साली तो फ्रान्समध्ये प्रथम आढळला. आपल्याकडे त्याला केवडा म्हणतात. द्राक्षबागाईतदारांच्या बोलण्यात डावणी हे नावही येते.

हा रोग पसरतो कसा, ते पाहण्यासारखे आहे. प्रथम पानाच्या वरच्या बाजूस तेलाचा थेंब पडावा तसे पिवळसर डाग दिसतात. पान उलटून पाहिले, तर त्या डागांखाली कापसासारखी पांढरी लव आढळते. त्या लवेवर असंख्य बीजाणू असतात. ते इतके सूक्ष्म असतात, की वाऱ्याच्या लहानशा झुळकेबरोबर दुसऱ्या पानावर जाऊन पडतात. ते पान कोरडे असेल तर फारसे काही घडत नाही. परंतु पावसाचा किंवा दवाचा थेंब असेल, तर बीजाणू फुटतो आणि त्यातून शेपटीसारखे तंतू असलेले आणखी सूक्ष्म कण बाहेर पडून त्या थेंबात पोहू लागतात. पानाच्या खालच्या बाजूस श्वसनासाठी बारीक छिद्रे असतात. ते पोहणारे कण त्या छिद्रांपाशी स्थिरावतात व त्यांना फुटलेला कोंब छिद्रातून आत शिरतो. मग पानाच्या आतच रोग वाढत जातो. पाने गळाली की वेलीला अन्न तयार करता येत नाही, घोसांत गोडी भरत नाही आणि पुढील वर्षासाठी वेलीच्या अंगी जोरही उरत नाही. गळून पडलेल्या पानांत हा रोग हिवाळा काढतो आणि पाऊस आला की पुन्हा जागा होतो. रोगाला थारा देणारा हा जीव त्या काळी बुरशी मानला जाई. आजचे शास्त्रज्ञ त्याला खऱ्या बुरशीहून वेगळ्या, शेवाळांच्या काही गटांशी नाते असलेल्या कुळात गणतात. परंतु त्याचे वागणे मात्र बुरशीसारखेच असते.

१८८२ सालच्या ऑक्टोबर महिन्यातील गोष्ट. त्या वर्षी केवड्याने मळ्यांत कहर केला होता. मिलार्दे मेदोक भागातील सँ-झ्युलियाँ या गावाजवळून चालले होते. वेलींची पाने गळून मळे उघडेबोडके झाले होते. इतक्यात त्यांचे लक्ष रस्त्याच्या कडेच्या वेलींकडे गेले. आतील वेली निष्पर्ण झाल्या असताना या कडेच्या ओळींवर मात्र पाने टिकून होती आणि त्यांवर निळसर पांढरा थर दिसत होता.

त्या रस्त्याने रोज शेकडो माणसे जात असतील. त्यांनीही तो थर पाहिला असेल. परंतु असे का, हा प्रश्न त्यांच्या मनात आला नाही. मिलार्दे तेथेच थांबले. बोकायू नावाच्या त्या मळ्याचे कारभारी एर्नेस्त दाविद यांच्याकडे त्यांनी चौकशी केली. तेव्हा समजलेली हकीकत मोठी गमतीची होती. वाटसरू रस्त्यालगतची द्राक्षे तोडून नेत. त्यांना धाक बसावा म्हणून त्या भागातील शेतकरी कडेच्या वेलींवर मोरचूद व चुना यांचे पाणी शिंपडत. त्या निळ्या रंगामुळे द्राक्षांवर विष घातले आहे असे चोरांना वाटे व ते तेथून दूर राहत. चोरांना पळविण्यासाठी घातलेल्या त्या लेपाने रोगालाही दूर ठेवले होते.

ही हकीकत ऐकून दुसऱ्या कोणी आनंदाने शोध लागल्याची दवंडी पिटली असती. मिलार्दे यांनी तसे केले नाही. कडेच्या वेली अन्य कारणाने वाचल्या नसतील कशावरून? गुण मोरचुदाचा की चुन्याचा? औषध किती घालावे आणि केव्हा घालावे? या प्रश्नांची उत्तरे मिळेपर्यंत शेतकऱ्यांना खर्चात पाडणे त्यांना योग्य वाटले नाही. त्यांनी तांब्याचे क्षार, लोखंडाचे क्षार आणि चुना हे पदार्थ निरनिराळ्या रीतींनी वेलींवर वापरून पाहिले. दाविद यांनी मळ्यातील प्रयोगांची जबाबदारी घेतली. बोर्डो येथील रसायनशास्त्रज्ञ युलिस गेयाँ हेही साहाय्याला आले. हे गेयाँ थोर संशोधक लुई पाश्चर यांच्या हाताखाली तयार झालेले होते.

या संशोधनात एक चमत्कारिक अनुभव आला. मिलार्दे केवड्याचे बीजाणू आपल्या विहिरीच्या पाण्यात टाकून त्यांचे निरीक्षण करीत. त्या पाण्यात ते बीजाणू रुजेनात. पाण्याची तपासणी करता त्यात तांब्याचा किंचित अंश आढळला. विहिरीवरचा पंप तांब्याचा होता! तांब्याचा इतका अल्प अंशही त्या पोहणाऱ्या कणांना मारतो, हे त्यावरून कळले. गुण तांब्याचा होता. मोरचूद म्हणजे तांब्याचाच क्षार. नुसत्या मोरचुदाने कोवळी पाने करपतात. चुना मिसळला की त्याचा दाह शमतो आणि औषध पानाला चिकटून राहते. म्हणून दोहोंची जोडीच हवी.

१८८५ साली मिलार्दे यांनी मिश्रणाची कृती प्रसिद्ध केली. १०० लिटर पाण्यात ८ किलो मोरचूद विरघळवावे, ३० लिटर पाण्यात १५ किलो कळीचा चुना विझवावा आणि दोन्ही एकत्र करावे, अशी ती कृती होती. मजूर एका हातात मिश्रणाची झारी व दुसऱ्या हातात लहानसा कुंचा घेऊन पानांवर ते दाट निळे मिश्रण शिंपडीत. घोसांवर ते पडू नये म्हणून जपत. त्या वर्षी मोठ्या क्षेत्रावर प्रयोग झाला. ऑक्टोबरमध्ये पाहावे तो औषध घातलेल्या वेली हिरव्यागार होत्या आणि शेजारच्या, औषध न घातलेल्या वेलींची पाने गळून गेली होती. तीन वर्षांच्या चिकाटीचे चीज झाले. या औषधाला पुढे बोर्डो मिश्रण हे नाव पडले. थोड्याच काळात ते देशोदेशी गेले. ज्या बटाट्याच्या करप्याने आयर्लंडमध्ये हाहाकार उडविला होता, त्यालाही ते लागू पडले.

तांब्याचा हा गुण पूर्वी कोणालाच ठाऊक नव्हता असे नाही. बेनेदिक्त प्रेव्हो यांनी १८०७ सालीच गव्हाच्या काणी रोगाचे बीजाणू तांब्याच्या पाण्यात रुजत नाहीत, हे दाखविले होते. परंतु ते ज्ञान ग्रंथातच पडून राहिले. मिलार्दे यांचे मोठेपण असे, की त्यांनी शेताच्या कडेला दिसलेली गोष्ट प्रयोगशाळेत नेली आणि प्रयोगशाळेत कळलेली गोष्ट पुन्हा शेतात आणली.

त्यांनी शेतकऱ्यांना आणखी एक महत्त्वाची गोष्ट शिकविली. रोग एकदा पानाच्या आत शिरला, की वरून घातलेले हे औषध त्याच्यापर्यंत पोचत नाही. म्हणून डाग दिसण्याची वाट न पाहता आधीच पानांना हे चिलखत चढविले पाहिजे. घर पेटल्यावर विहीर खणून उपयोग नाही, ही म्हण पिकांच्या रोगांना तंतोतंत लागू पडते.

डिसेंबर १९०२ मध्ये बोर्डो येथे मिलार्दे यांचे निधन झाले. त्यांचे वय तेव्हा ६४ वर्षांचे होते.

मिलार्दे यांनी महाराष्ट्र कधी पाहिला नाही. परंतु त्यांचे औषध येथे घरोघरच्या शेतकऱ्यांच्या परिचयाचे आहे. नाशिककडे ऑक्टोबरच्या छाटणीनंतर कोवळी फूट आली असता अवकाळी पाऊस पडला किंवा धुके दाटले, की बागाईतदार केवड्याच्या भीतीने धास्तावतो. कोकणात व गोव्यात पावसाळ्याच्या तोंडाशी सुपारीच्या बागांतून कोळेरोगासाठी बोर्डो मिश्रण फवारतात. मूळ कृती आता सौम्य झाली आहे. १०० लिटर पाण्याला १ किलो मोरचूद व १ किलो चुना असे प्रमाण सामान्यतः घेतात. मिश्रण तयार झाले की त्यात विळ्याचे स्वच्छ पाते क्षणभर बुडवून पाहतात. पात्यावर तांबूस थर चढला, तर चुना कमी पडला असे समजून आणखी चुना घालतात.

मात्र औषध झाले तरी त्याला मर्यादा असतेच. तांबे मातीत नाहीसे होत नाही. वर्षानुवर्षे साचत राहते आणि गांडुळांसारख्या उपयुक्त जीवांना अपाय करते. म्हणून युरोपात २०१९ सालापासून एका हेक्टरला सात वर्षांत मिळून २८ किलोंपेक्षा अधिक तांबे वापरू नये, असा नियम लागू झाला. गळलेली पाने गोळा करून नष्ट करणे, वेलीतून वारा व ऊन खेळते ठेवणे आणि हवामान पाहून जरूर तेव्हाच औषध घालणे, हीच शहाणपणाची रीत होय.

रस्त्याच्या कडेची काही निळी पाने पाहून एक प्राध्यापक थांबला, म्हणून असंख्य शेतकऱ्यांची पिके वाचली. आपल्या वाटेवरही अशा कितीतरी गोष्टी रोज असतात. त्यांच्यापाशी क्षणभर थांबावे, असे का, हे विचारावे आणि उत्तर खरे आहे की नाही, हे धीराने तपासून पाहावे. मिलार्दे यांनी याहून वेगळे काही केले नव्हते.