यशवंतराव चव्हाण आणि विमाने

आपल्या जांभूळपासून नेवाळी फार लांब नाही. तिथे जुनी धावपट्टी आहे. दुसऱ्या महायुद्धात इंग्रज सरकारने शेतकऱ्यांच्या जमिनी घेऊन ती बांधली. ती पाहून मी बाबांना विचारलं, की लढाईचं विमान कधी उडवायचं ते कोण ठरवतं? तेव्हा बाबांनी मला यशवंतरावांची गोष्ट सांगितली. बाकीची माहिती बाईंनी दिली.

यशवंतरावांचा जन्म १२ मार्च १९१३ रोजी देवराष्ट्रे या खेड्यात झाला. ते गाव आता सांगली जिल्ह्यात आहे. लहानपणीच त्यांचे वडील वारले. आई विठाबाईंनी गरिबीत मुलांना वाढवले. कराडला शाळेत असताना ते स्वातंत्र्याच्या चळवळीत पडले. १९३२ साली झेंडा फडकवला म्हणून त्यांना अठरा महिन्यांची शिक्षा झाली. तरी त्यांनी शिक्षण सोडलं नाही. पुढे ते वकील झाले.

१ मे १९६० रोजी महाराष्ट्र राज्य झाले, त्याचे ते पहिले मुख्यमंत्री. आपली शाळा जिल्हा परिषदेची आहे ना, त्या जिल्हा परिषदा त्यांच्याच वेळी १९६२ साली सुरू झाल्या.

त्याच वर्षी चीनने हल्ला केला. त्या लढाईत आपली लढाऊ विमाने वापरलीच नाहीत. फक्त सामान नेणारी विमाने डोंगरावरच्या जवानांना धान्य आणि दारूगोळा पोचवत होती. आपली हार झाली. पंडित नेहरूंनी यशवंतरावांना दिल्लीला बोलावून संरक्षणमंत्री केले. १९६३ साली ते नाशिकमधून लोकसभेवर बिनविरोध निवडून आले. १९६४ साली नाशिकजवळ ओझर येथे मिग विमानांच्या कारखान्याची स्थापना झाली.

आता खरी गोष्ट. १ सप्टेंबर १९६५ रोजी पहाटे पाकिस्तानचे रणगाडे काश्मीरमध्ये छांबला घुसले. आपले रणगाडे तिथे थोडे होते. दुपारी सेनापती जनरल चौधरी यशवंतरावांकडे आले आणि त्यांनी विमानांची मदत मागितली. हवाईदलाचे प्रमुख अर्जनसिंगही होते. विमाने पाठवली तर लढाई वाढणार, नाही पाठवली तर छांबचे जवान मरणार. थोड्या वेळाने अंधार पडला असता, मग विमाने जाऊन उपयोग नव्हता. यशवंतरावांनी काही मिनिटांतच परवानगी दिली. पठाणकोटच्या विमानतळावरून संध्याकाळी विमाने उडाली. त्यात व्हॅम्पायर नावाची विमाने होती, ती फार जुनी होती. त्यांतली चार परत आली नाहीत. मला हे ऐकून लई वाईट वाटलं. यशवंतरावांना त्या रात्री झोप आली असेल का, असं मी आईला विचारलं. आई काही बोलली नाही.

६ सप्टेंबरला पाकिस्तानच्या विमानांनी पठाणकोटवरच हल्ला केला. आपली विमाने जमिनीवर उभी होती ती जळाली. त्यात रशियाहून आणलेली दोन नवी मिग पण होती. २३ सप्टेंबरला लढाई थांबली.

नंतर यशवंतराव गृहमंत्री, अर्थमंत्री, परराष्ट्रमंत्री झाले. २५ नोव्हेंबर १९८४ रोजी ते वारले. कराडला कृष्णा आणि कोयना नद्या मिळतात, तिथे त्यांची समाधी आहे.

मिग-२१ विमाने हवाईदलातून २०२५ साली निवृत्त झाली. ओझरला नंतर सुखोई विमाने पण बनली. मी अजून ओझर पाहिलं नाही. कोणी पाहिलं असेल तर मला मधल्या सुट्टीत सांगा.

– इयत्ता ४ थी