शांता आपटे

शांता आपटे (१९१६ – २४ फेब्रुवारी, १९६४) या मराठी व हिंदी चित्रपटांतील अभिनेत्री आणि गायिका होत्या. प्रभात फिल्म कंपनीच्या 'कुंकू' (१९३७) या चित्रपटातील नीरा या भूमिकेमुळे त्या प्रसिद्धीस आल्या.

प्रारंभिक जीवन

त्यांचा जन्म सोलापूर जिल्ह्यातील दुधनी येथे झाला. वडील रेल्वेत स्टेशनमास्तर होते. पंढरपूरच्या महाराष्ट्र संगीत विद्यालयात त्यांनी गायनाचे शिक्षण घेतले. भालजी पेंढारकर दिग्दर्शित 'श्यामसुंदर' (१९३२) या बोलपटात राधेची भूमिका करून त्यांनी चित्रपटसृष्टीत प्रवेश केला. थोरले बंधू बाबूराव आपटे यांचे त्यांच्या कारकिर्दीवर बारीक लक्ष असे.

प्रभातमधील कारकीर्द

पार्श्वगायनाची पद्धत रूढ होण्यापूर्वीच्या त्या काळात नटनटींना स्वतःच गावे लागे. त्यामुळे गाता गळा आणि बोलका चेहरा या दोन्ही देणग्या लाभलेल्या शांताबाईंना प्रभातमध्ये लवकरच महत्त्व आले. 'अमृतमंथन' (१९३४) आणि 'अमरज्योती' (१९३६) या चित्रपटांतील त्यांचे काम गाजले. 'गोपालकृष्ण' (१९३८) मध्ये त्या पुन्हा राधेच्या भूमिकेत दिसल्या.

'कुंकू' हा चित्रपट ना. ह. आपटे यांच्या 'न पटणारी गोष्ट' या कादंबरीवर आधारलेला असून व्ही. शांताराम त्याचे दिग्दर्शक होते. वृद्ध विधुराशी फसवून लग्न लावून दिलेली नीरा हा विवाह मनाने कधीच स्वीकारत नाही. वृद्ध पतीची भूमिका केशवराव दाते यांनी केली होती. रडून दैवाला दोष देणाऱ्या नायिकांच्या काळात ताठ मानेने नकार देणारी ही स्त्री प्रेक्षकांना नवीन होती. या चित्रपटात शांताबाईंनी अमेरिकन कवी लाँगफेलो याची एक इंग्लिश कविताही गायिली आहे. 'दुनिया ना माने' या नावाने चित्रपटाची हिंदी आवृत्तीही निघाली.

उपोषण व ग्रंथलेखन

नीरेचा बाणेदारपणा पडद्यापुरता राहिला नाही. १९३९ मध्ये करारावरून कंपनीशी वाद झाला, तेव्हा शांताबाईंनी पुण्यातील प्रभातच्या प्रवेशद्वारापाशी उपोषण केले. नामांकित नटीने स्टुडिओच्या दारात असा सत्याग्रह करणे ही त्या काळी अपूर्व घटना होती. त्यानंतर त्यांचा प्रभातशी संबंध संपला. १९४० मध्ये त्यांचे 'जाऊ मी सिनेमात?' हे पुस्तक प्रसिद्ध झाले. चित्रपटाच्या झगमगाटाऐवजी त्यामागील धंदा आणि त्यात राबणाऱ्यांचे श्रम यांकडे त्यांनी त्यात लक्ष वेधले. नटीचे काम हेही श्रमच आहेत, हा विचार मराठीत इतक्या लवकर मांडणाऱ्यांत त्यांची गणना होते.

उत्तरकाळ

तमिळ 'सावित्री' (१९४१) या चित्रपटासाठी त्यांनी ती भाषा शिकून घेतली. त्यात एम. एस. सुब्बुलक्ष्मी नारदाच्या भूमिकेत होत्या. लाहोरमध्ये निघालेला 'जमीनदार' (१९४२) आणि मास्टर विनायक यांचा 'सुभद्रा' (१९४६) हे त्यांचे पुढील उल्लेखनीय हिंदी चित्रपट होत. १९५० नंतर त्यांच्या वाट्याला येणारी कामे कमी होत गेली. वयाची पन्नाशी गाठण्यापूर्वीच मुंबई येथे त्यांचे निधन झाले.