देवीला भिडलेली आई

आपल्या आजीच्या, पणजीच्या पिढीतले चेहरे आठवून पाहा. गालावर, नाकावर बारीक खड्डे असलेली एखादी तरी आत्या, मावशी प्रत्येक घरात असायचीच. विचारलं की उत्तर ठरलेलं, लहानपणी देवी आल्या होत्या. पुरुषांच्या चेहऱ्यावरचे व्रण कुणी फारसे मनावर घेत नसे, पण मुलीचं लग्न त्यावर अडायचं. आज पन्नाशीच्या पुढे असलेल्या अनेकींच्या हातावर लसीचे मोठे गोल वण अजून दिसतात (बीसीजीचा छोटा वण वेगळा). भारतात देवीचा शेवटचा रुग्ण १९७५ साली सापडला आणि १९८० मध्ये हा रोग जगातूनच गेल्याचं जागतिक आरोग्य संघटनेनं जाहीर केलं.

लस म्हटलं की आपल्याला एडवर्ड जेन्नर आठवतो. शाळेत तेच शिकवलं ना! पण जेन्नरचा जन्म व्हायच्या कितीतरी आधी इंग्लंडमध्ये एका बाईनं या रोगाविरुद्ध कंबर कसली होती. ती डॉक्टर नव्हती. ती कवयित्री होती, पत्रं सुंदर लिहायची, आणि दोन मुलांची आई होती. तिचं नाव लेडी मेरी वर्टली माँटेग्यू.

मेरीचा जन्म १६८९ चा. वडील बडे उमराव, पुढे ड्यूक झाले. आई मेरी लहान असतानाच गेली. त्या काळी उमरावांच्या मुलींनाही नाच, शिवण आणि वाढण्याचे रीतिरिवाज एवढंच शिकवत. वडिलांच्या ग्रंथालयात मात्र पुस्तकंच पुस्तकं होती. घरच्यांना वाटायचं पोरगी कादंबऱ्या वाचतेय, आणि ही तिथं लपूनछपून लॅटिन शिकत होती, तेही आपलं आपण.

लग्नाचं वय झालं तेव्हा एडवर्ड वर्टली माँटेग्यू यांच्याशी बोलणी सुरू झाली. ती फिसकटली पैशांवरून! होणाऱ्या मुलाच्या नावावर इस्टेट आधीच लिहून द्या, असा वडिलांचा हट्ट आणि एडवर्ड काही त्याला तयार होईनात. मग वडिलांनी दुसराच मुलगा पक्का केला. लग्नाचे कपडेसुद्धा खरेदी झाले. ते लग्न करायचं नाही म्हणून १७१२ मध्ये मेरी घरातून पळाली आणि तिनं एडवर्डशी लग्न केलं. इतकं धाडस करून केलेला संसार फार सुखाचा झाला असं मात्र नाही. नवरा थंड स्वभावाचा, हिशेबी. असो, तो वेगळा विषय.

पुढच्याच वर्षी मुलगा झाला. त्याच वर्षी मेरीचा एकुलता एक भाऊ देवीनं गेला. अवघा वीस वर्षांचा. आणि १७१५ च्या डिसेंबरात तिला स्वतःलाच देवी आल्या. तेव्हा ती सव्वीस वर्षांची होती. लंडनच्या दरबारात तिच्या रूपाची आणि हजरजबाबीपणाची चर्चा होती. जीव वाचला, पण चेहऱ्यावर व्रण राहिले आणि पापण्यांचे केस गेले ते कायमचे. त्यामुळे तिची नजर एकदम रोखल्यासारखी दिसायची. ज्या बाईची ओळखच रूपावरून होते, तिनं बरं झाल्यावर पहिल्यांदा आरसा हातात घेतला असेल तेव्हाची कल्पना आपण बायकाच करू शकतो.

१७१६ मध्ये नवऱ्याची तुर्कस्तानात इंग्लंडचा वकील म्हणून नेमणूक झाली. तान्ह्या नसला तरी तीन वर्षांच्या मुलाला घेऊन मेरी निघाली. घोडागाड्या, बर्फ, लढाईनं उजाड झालेला मुलूख, असा कित्येक महिन्यांचा प्रवास करून ती १७१७ च्या वसंतात एदिर्नेला पोहोचली. तिथं पुरुष प्रवाशांना जे कधीच दिसलं नव्हतं ते तिला पाहता आलं, कारण ती बाई होती. जनानखान्यात तिला मानानं बोलावलं जायचं. तिथल्या बायकांचे स्वच्छ, नितळ चेहरे पाहून तिला नवल वाटलं. देवी इथंही होत्याच की! मग व्रण कुठे गेले?

उत्तर तिला बायकांकडूनच मिळालं. १ एप्रिल १७१७ ला तिनं सारा चिझवेल या आपल्या मैत्रिणीला सगळं सविस्तर लिहून कळवलं. उन्हाळा ओसरला, सप्टेंबर आला की घरोघर विचारणा व्हायची, यंदा कुणाकुणाला टोचून घ्यायचंय? पंधरा-सोळा जणं एकत्र जमायची. मग एक म्हातारी यायची. तिच्याजवळ फळाच्या टरफलात सौम्य देवी आलेल्या रुग्णाच्या फोडातला द्रव असायचा. ती विचारायची, कुठली शीर उघडू? मोठ्या सुईनं किंचित ओरखडा काढून सुईच्या टोकावर मावेल एवढाच द्रव ती आत सोडायची आणि वर टरफलाचा तुकडा ठेवून बांधून टाकायची. असं चार-पाच ठिकाणी. पुढचे आठ दिवस मुलं मजेत खेळायची. मग ताप यायचा, दोन-तीन दिवस अंथरूण धरायचं, थोडे फोड यायचे आणि खपली पडून मूल पुन्हा खणखणीत. मोठी देवी मग त्याला आयुष्यात शिवत नसे.

ही आपल्या लहानपणीची लस नव्हे, एवढं लक्षात ठेवायला हवं. तीत देवीचेच जंतू अगदी थोडे आणि त्वचेतून दिले जायचे, म्हणून रोग बहुधा सौम्य यायचा. धोका होताच. टोचलेलं मूल दुसऱ्याला रोग देऊ शकायचं, क्वचित दगावायचंही. ही रीत तुर्कस्तानापुरती नव्हती. चीनमध्ये खपल्यांची पूड नाकात फुंकत, आणि आपल्याकडे बंगालात टिकादार गावोगाव फिरून टोचत असत.

गंमत म्हणजे लंडनच्या रॉयल सोसायटीतल्या विद्वानांना हे नवीन नव्हतं. इस्तंबूलहून टिमोनी नावाच्या डॉक्टरांनी १७१४ मध्येच ही माहिती पाठवली होती. ती वाचली गेली, छापली गेली आणि तशीच राहिली. कुणी आपल्या मुलावर करून पाहायला धजला नाही.

मेरीनं ते केलं. १७१८ च्या जानेवारीत इस्तंबूलला तिला मुलगी झाली. मार्चमध्ये, नवरा कामासाठी परगावी असताना, तिनं पाच वर्षांच्या मुलाला टोचून घेतलं. एका ग्रीक म्हातारीला बोलावलं. तिचा हात थरथरत होता, सुई गंजलेली होती आणि मूल रडत होतं. वकिलातीचे डॉक्टर चार्ल्स मेटलंड शेजारी उभे होते. त्यांना ते पाहवेना, म्हणून दुसऱ्या हातावर त्यांनी स्वतःच्या हत्यारानं टोचलं. नवऱ्याला पत्रानं कळवलं ते नंतर! मुलगा सुखरूप बरा झाला. मुलीला मात्र तिनं तेव्हा टोचलं नाही, कारण तिला पाजणाऱ्या दाईला देवी येऊन गेल्या नव्हत्या. मुलीपासून दाईला लागण झाली असती. गरीब बाईचा जीव तिनं हिशेबात धरला, हे मला त्या टोचण्याइतकंच महत्त्वाचं वाटतं.

१७१८ मध्येच कुटुंब इंग्लंडला परतलं. तीन वर्षांनी, १७२१ च्या वसंतात लंडनमध्ये देवीची मोठी साथ आली. मेरीनं मेटलंडना निरोप धाडला, आता मुलीला टोचा. तुर्कस्तानात धीट असलेले डॉक्टर लंडनमध्ये कचरले. काही बरंवाईट झालं तर डॉक्टरकी बुडायची. साक्षीदार म्हणून दुसरे डॉक्टर हवेत अशी अट त्यांनी घातली. साक्षीला आलेल्यांत डॉ. जेम्स कीथ होते. देवीनं त्यांची मुलं हिरावली होती, एकच मुलगा उरला होता. मेरीची तीन वर्षांची मुलगी बरी होऊन खेळताना त्यांनी पाहिली आणि आपल्या त्या उरलेल्या मुलालाही लगेच टोचून घेतलं.

मग गवगवा झाला. युवराज्ञी कॅरोलाइननं यात लक्ष घातलं. ऑगस्ट १७२१ मध्ये न्यूगेट तुरुंगातल्या सहा कैद्यांवर, तीन पुरुष आणि तीन बायकांवर प्रयोग झाला. फाशी टळेल या अटीवर ते तयार झाले होते. सगळे जगले आणि सुटले. त्यांतल्या एका तरुणीला नंतर देवीच्या रुग्णांची शुश्रूषा करायला ठेवलं, तरी तिला रोग झाला नाही. मग अनाथ मुलांना टोचलं. एवढं सगळं झाल्यावर एप्रिल १७२२ मध्ये युवराज्ञीच्या दोन मुलींना टोचण्यात आलं. राजघराण्याच्या मुलींआधी कैदी आणि अनाथ, हा क्रम वाचताना आज अंगावर काटा येतो.

विरोध तर होणारच होता. रोग ही देवानं पाठवलेली परीक्षा, त्यात माणसानं हात घालू नये, असं एका पाद्र्यानं प्रवचनात सांगितलं. एका नामांकित डॉक्टरचं म्हणणं असं, की परदेशातल्या चार अडाणी बायकांची ही रीत, ती शहाण्या इंग्रजांनी का उचलावी? त्यातच टोचल्यानंतर एका सरदाराचा लहान मुलगा गेला. विरोधकांना कोलीतच मिळालं. मेरीच्या नातीनं पुढे लिहून ठेवलंय, की मुलीला टोचलं तेव्हा तपासायला आलेल्या डॉक्टरांच्या मनात इतकं वाईट होतं, की मेरीनं मुलीला त्यांच्याजवळ क्षणभरही एकटं सोडलं नाही. पुढची चार-पाच वर्षं आपण हे का अंगावर घेतलं, असं तिला रोज वाटायचं म्हणे.

तरी ती थांबली नाही. मुलीला बरोबर घेऊन रुग्ण असलेल्या घरी जायची, लोकांना प्रत्यक्ष दाखवायची. पण तिला खरा राग डॉक्टरांचा आला तो वेगळ्याच कारणानं. त्यांनी टोचणी स्वीकारली आणि बिघडवली! आधी रक्त काढायचं, जुलाब द्यायचे, उपाशी ठेवायचं, मग मोठी खोल जखम करायची. म्हातारीची टाचणीएवढी ओरख राहिली बाजूलाच. १७२२ मध्ये मेरीनं एका वृत्तपत्रात यावर सणसणीत लेख लिहिला, पण स्वतःच्या नावानं नाही. तुर्कस्तानात व्यापार केलेल्या एका गृहस्थाचं सोंग घेऊन लिहिला. बाईचं कोण ऐकणार, हे तिला ठाऊक होतं.

पुढे रॉयल सोसायटीच्या जेम्स ज्युरिन यांनी आकडे जमवले. देवी आपोआप आल्या तर पाच-सहा रुग्णांत एक जातो, टोचून आणल्या तर सुमारे पन्नासांत एक. वाद हळूहळू शमत गेला. मेरीनं जिला पहिलं पत्र लिहिलं होतं, ती सारा चिझवेल मात्र १७२६ मध्ये देवीनंच गेली.

मेरीच्या मुलानं तिला फार त्रास दिला. तो शाळेतून पळून गेला, तेव्हा शोधासाठी वर्तमानपत्रात जाहिरात द्यावी लागली. त्यात ओळखीची खूण काय, तर दोन्ही हातांवरचे छोटे गोल वण! मुलीनं पुढे ब्यूटच्या उमरावाशी लग्न केलं आणि तो इंग्लंडचा पंतप्रधान झाला. १७३९ मध्ये मेरी एकटीच युरोपात निघून गेली आणि वीस-बावीस वर्षं बहुतेक इटलीत राहिली. १७६२ मध्ये परतली तेव्हा तिला स्तनाचा कर्करोग झाला होता. त्याच वर्षी २१ ऑगस्टला ती गेली. तुर्कस्तानातली पत्रं पुढच्या वर्षी छापली गेली. तिनं आयुष्यभर लिहिलेली रोजनिशी मात्र मुलीनं मरण्यापूर्वी जाळून टाकली. जिच्या हातावर इंग्लंडमधली ती पहिली गाजलेली टोचणी झाली, तीच ही मुलगी.

१७५७ च्या सुमारास इंग्लंडमधल्या एका आठ वर्षांच्या मुलाला रक्त काढून, उपाशी ठेवून, मेरीला ज्याची चीड होती अगदी त्याच पद्धतीनं टोचण्यात आलं. हे हाल तो विसरला नाही. तो एडवर्ड जेन्नर. १७९६ मध्ये त्यानं देवीऐवजी गायीच्या सौम्य देवीचा द्रव वापरून पाहिला. ती लस व्हिएन्ना, इस्तंबूल, बगदाद, बसरा अशी हातोहात प्रवास करत जहाजानं मुंबईत आली आणि १४ जून १८०२ ला तिथं ॲना डस्टहॉल नावाच्या तीन वर्षांच्या मुलीला टोचली गेली. भारतातली ती पहिली. तिच्या फोडातला द्रव घेऊन मुंबईतल्या आणखी पाच मुलांना टोचलं आणि तिथून ती लस देशभर गेली.