ग्रंथप्रेमी राजर्षी : श्रीमंत सयाजीराव महाराज गायकवाड

आमच्या मंडळाच्या सुवर्णमहोत्सवानिमित्त काही लिहावयाचे ठरले, तेव्हा महाराष्ट्राबाहेर राहून त्या भूमीशी एकरूप झालेल्या एका थोर मराठी पुरुषाचे स्मरण होणे स्वाभाविकच होते. ते म्हणजे बडोद्याचे श्रीमंत सयाजीराव महाराज गायकवाड.

महाराजांचा जन्म 11 मार्च 1863 रोजी नाशिक जिल्ह्यातील कवळाणे या खेड्यात, काशीराव गायकवाड यांच्या शेतकरी कुटुंबात झाला. पाळण्यातले नाव गोपाळ. 1875 साली महाराणी जमनाबाईंनी त्यांना दत्तक घेतले, तेव्हा बाराव्या वर्षापर्यंत त्यांना अक्षरओळखही जेमतेमच होती. मराठी, गुजराती, उर्दू आणि इंग्रजी अशा चार भाषांचा अभ्यास त्यांना एकदमच करावा लागला. 1881 च्या डिसेंबरात राज्याची सूत्रे हाती आली, तोवर वाचन हा त्यांचा जन्माचा सोबती झाला होता. उशिरा हाती आलेल्या या धनाचे मोल ते कधीच विसरले नाहीत.

1893 साली अमरेली भागात त्यांनी सक्तीच्या प्राथमिक शिक्षणाचा प्रयोग आरंभिला आणि 1906 मध्ये तो सर्व राज्यास लागू केला. परंतु शाळा सुटल्यावर हाती पुस्तक नसेल, तर शिकलेला मुलगा काही वर्षांत पुन्हा निरक्षर होतो, हे त्यांच्या ध्यानी आले. शाळेने पेटविलेल्या दिव्यात तेल घालण्याचे काम ग्रंथालयांनीच करावयाचे होते.

1908 मध्ये युवराज फत्तेसिंहराव यांच्या निधनाचे दुःख कोसळले. तथापि महाराजांचे कार्य थांबले नाही. अमेरिकेच्या प्रवासात तेथील सार्वजनिक ग्रंथालये पाहून ते प्रभावित झाले आणि 1910 साली विल्यम बॉर्डेन या अमेरिकन ग्रंथपालास त्यांनी बडोद्यास आणले. राजवाड्यातील सुमारे 20,000 ग्रंथांचा आपला संग्रह त्यांनी मध्यवर्ती ग्रंथालयास दिला. राजाची पुस्तके रयतेची झाली! बॉर्डेन यांनी ग्रंथपालनाचे शिक्षणवर्गही चालविले. ते 1913 मध्ये परतल्यावर कुडाळकर व पुढे न्यूटन मोहन दत्त यांनी ही धुरा वाहिली. खेडोपाडी वाचनालये उभारण्याच्या कामी मोतीभाई अमीन यांनी अपार परिश्रम घेतले.

या योजनेचे मर्म तिच्या हिशेबात होते. गावकऱ्यांनी ठराविक मर्यादेत जेवढी वर्गणी जमवावी, तेवढीच रक्कम पंचायतीने आणि तेवढीच सरकारने घालावयाची. म्हणजे गावाने एक रुपया काढला की त्याचे तीन होत. मात्र तो पहिला रुपया गावाचाच असला पाहिजे. फुकट मिळालेल्या वस्तूची आच राहत नाही. स्वतःच्या वर्गणीचे वाचनालय मात्र गाव जपते. जेथे वाचनालय नव्हते, तेथे पुस्तकांनी भरलेल्या लाकडी पेट्या सरकारी खर्चाने फिरत. बडोद्यात महिलांसाठी आणि मुलांसाठी स्वतंत्र विभाग होते.

1931 मध्ये मध्यवर्ती ग्रंथालय मांडवीनजीकच्या भव्य वास्तूत आले. पोलादी फडताळांचे मजले आणि त्यांमधील जमिनी जाड काचेच्या, अशी तिची रचना आहे. त्यामुळे वरचा उजेड खालच्या पुस्तकांपर्यंत झिरपतो. महाराजांच्या साऱ्या कार्याची जणू हीच प्रतिमा होय. 6 फेब्रुवारी 1939 रोजी मुंबईस त्यांचे देहावसान झाले. संस्थान पुढे विलीन झाले, परंतु ते ग्रंथालय आजही वाचकांसाठी उघडे आहे.

मराठी राजाने गुजराती प्रजेसाठी गुजराती वाचनालये उभारली आणि मराठी ग्रंथांनाही उदार आश्रय दिला. परमुलखात कसे राहावे, याचा याहून सुंदर वस्तुपाठ कोणता?

रसमडा-भिलाई परिसरात पोटापाण्यासाठी आलेल्या आपण मंडळींनी घरात मराठी बोली टिकविली. पण आपली नातवंडे मराठी बोलतात, वाचताना मात्र अडखळतात. हे पाहिले की शाळा सुटलेल्या त्या खेड्यातील मुलाची आठवण होते. आज दुसरा व तिसरा रुपया घालणारे महाराज नाहीत. तथापि पहिला रुपया तेव्हाही लोकांचाच होता. सुवर्णमहोत्सवाच्या या वर्षी प्रत्येक घराने मुलांना वाचता येईल असे एक मराठी पुस्तक मंडळाच्या कपाटात ठेवावे आणि आठवड्यातून एक संध्याकाळ ते कपाट उघडे राहावे, एवढे जरी घडले, तरी कवळाण्याच्या त्या गोपाळास आपले वंदन पोहोचले असे मी समजेन.